पळसाचा माणूस

त्यांच्या घरी मी भाड्याने राहत होतो त्या काळात माझी खोली किती वेळा बदलली, हे आता नीट सांगता येणार नाही. घर मूल गावात होतं, कवेलूंच्या छपराचं. एका ओळीत तीन खोल्या आणि पुढे लांब ओसरी. मी शाळेत मराठी शिकवायला नवाच आलो होतो. सोबत एक ट्रंक, एक सतरंजी आणि पुस्तकांची खोकी. पहिल्या खोलीत खिळा ठोकला, कंदील टांगला, पुस्तकं लावली, आणि जरा आपलं वाटायला लागलं तेवढ्यात एका सकाळी घरमालक दारात उभे.

"मास्तर, सामान उचला."

माझं काही चुकलं असं मला वाटलं. चुकलं काही नव्हतं. मला मधल्या खोलीत जायचं होतं. मधली खोली पहिलीसारखीच होती, फक्त तिच्या भिंतीला ओल अधिक होती. एका जागी फार दिवस राहू नये, एवढंच ते म्हणाले, आणि माझ्या पुस्तकांचं खोकं खांद्यावर घेऊन पुढे झाले. पावसाळा संपता संपता त्यांनी मला तिसऱ्या खोलीत नेलं. पुढे मी भिंतीत खिळे ठोकणं सोडून दिलं.

ते स्वतः तर एका जागी झोपतच नसत. त्यांची बाज आज ओसरीत, उद्या गोठ्याच्या अंगाला, परवा भाताच्या तणसाच्या ढिगाआड. जेवायला बसले तर पानावरून उठून अंगणात एक फेरी मारून येत आणि पुन्हा बसत. त्यांच्या घरधनिणीला मी बाई म्हणे. त्या मला वाढताना म्हणायच्या, "लढाईतून मानूस आला खरा गुरुजी, पन बसाचं तिकडंच विसरून आला." असं म्हणून त्या हसत, आणि हसता हसता त्यांचं लक्ष दाराकडे असे.

गावात त्यांना मिलिटरीभाऊ म्हणत. महायुद्धात ते ब्रह्मदेशात होते, खेचरांच्या तुकडीत. नागभीडच्या बाजारात भरतीवाले आले तेव्हा ते आणि त्यांचा एक जोडीदार बैलांसाठी दोर घ्यायला गेले होते. बैल हाकणाऱ्याला खेचर हाकता येईल असं साहेबाला वाटलं. ते म्हणत, साहेबाची लढाईतली पहिली चूक तीच. स्वराज्य आल्यानंतर अशा शिपायांचं काय करावं हे कुणालाच ठाऊक नव्हतं. तुरुंगात गेलेल्यांचे सत्कार होत होते. ब्रह्मदेशातून आलेल्यांना लोक विचारत, "आपल्या बाजूनं लढले का इंग्रजाच्या?"

"खच्चराच्या बाजूनं," ते म्हणत आणि चालू लागत.

आवाज त्यांना सोसत नसे. पोळ्याला सगळ्या गावाचे बैल घुंगुरमाळा वाजवत तोरणाखाली जात, आणि त्यांची जोडी मात्र मुकी येई. घंटांच्या पोटात त्यांनी तणस कोंबलेलं असे. पोरं मागून ओरडत, "मिलिटरीचे बैल मुके!" ते वळून त्यांच्याकडे बघत, रागाने नाही, काळजीने. एवढ्या मोठ्याने ओरडणाऱ्या पोरांचं पुढे कसं होणार, अशी ती नजर होती. चूल पेटवायची तर बांबू काडीसारखा बारीक चिरून, उन्हात वाळवून, धूर होणार नाही असा. बाईंनी ओलं लाकूड घातलं की ते भांडत नसत. उठून चूलच विझवत.

राइस मिलमध्ये ते जात, पण पोत्यांच्या थप्पीखालून कधी जात नसत, लांबून वळसा घालत. याचं कारण त्यांनी मला एकदाच सांगितलं, तेही चालता चालता, तलावाच्या पाळीवर. तिकडे डोंगरात शिधा विमानातून टाकत. काही पोती छत्रीला बांधलेली असत, काही नुसतीच वरून सोडत. उपाशी माणसं आभाळाकडे हात करून धावत. त्यांच्या तुकडीतला एक जण असाच धावला आणि पोत्याखाली गेला.

"तांदूळ होता," ते म्हणाले. "तांदळानं मानूस मेला, असं मूलमंधी सांगतलं त कोन मानेल?"

मी विचारलं, मग त्या तांदळाचं काय केलं?

त्यांनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की मला प्रश्न परत घ्यावासा वाटला. "खाल्ला," ते म्हणाले. "भूक होती."

शाळेत एका पंधरा ऑगस्टला हेडमास्तरांना सुचलं की गावातच शिपाई आहे तर मुलांना शौर्याच्या चार गोष्टी ऐकू द्याव्यात. निरोप घेऊन मीच गेलो. ते आले. धुतलेला सदरा, डोक्याला काही नाही. झेंड्याजवळच्या ओट्यावर उभे राहिले आणि खेचरांविषयी बोलू लागले. खेचर माणसाहून हुशार. चिखल खोल असला तर ते पाय टाकत नाही, माणूस टाकतो. मुलं हसली. ओझं कसं लादायचं, दोन्ही बाजूंना भार सारखा कसा ठेवायचा, पाठीला जखम झाली तर काय लावायचं, असं बराच वेळ चाललं. हेडमास्तर घड्याळ पाहू लागले.

"ते जंगलात बोंबलले त जपान्याले समजनार," ते पुढे म्हणाले. "म्हनून डाक्टरनं त्याईचे गळे कापले. मारलं नाई. आवाज तेवढा काढून घेतला. मंग ते असे कराचे."

आणि त्यांनी मान वर केली, तोंड उघडलं, दात दाखवले, गळ्याच्या शिरा ताणल्या. सगळ्या शाळेसमोर, झेंड्याखाली, एक माणूस बिनआवाजाचा ओरडत होता. मुलं आधी हसली. मग पुढच्या रांगा गप्प झाल्या आणि ते गप्प होणं मागपर्यंत गेलं. ते ओट्यावरून उतरले आणि फाटकातून निघून गेले. कार्यक्रम आटोपून मी बाहेर आलो तेव्हा ते शाळेच्या कुंपणाभोवती फेऱ्या मारत होते. हेडमास्तर मला म्हणाले, "पुन्हा नको." मी मान हलवली. पण त्या दिवसापासून मी त्यांच्याबरोबर संध्याकाळचं फिरायला जाऊ लागलो.

त्या फिरण्यात ते फारसं बोलत नसत. जोडीदाराविषयी तर नाहीच. जोडीदार होता हे मला कळलं ते त्याच्या बायकोमुळे.

धानाची मळणी आटोपली की ती दर वर्षी यायची. नागभीडजवळच्या एका खेड्यातून, छोट्या रुळाच्या गाडीने. नव्या धानाचे पोहे फडक्यात बांधून आणायची. तिशी ओलांडलेली, काटक, कपाळभर कुंकू, हातात हिरव्या बांगड्या. ओसरीच्या काठावर बसायची. बाई तिला चहा द्यायच्या, दोघी पिकापाण्याचं बोलायच्या. मिलिटरीभाऊ अंगणात येरझारा घालत. ती काही विचारत नसे आणि ते काही सांगत नसत. परतीच्या गाडीची वेळ झाली की ती पदर सावरून उठायची आणि म्हणायची, "येतो भाऊ." ते म्हणायचे, "या वयनी." एवढंच. ती गेली की त्यांची बाज त्या दिवशी हमखास हलायची.

सरकारने तिला कळवलं होतं की नवरा बेपत्ता आहे. मेला असं कुणी म्हटलं नव्हतं. म्हणून ती सवाष्ण होती. दिराच्या घरी राहायची, दिराच्या शेतात राबायची.

मी तिथे राहत असताना एका वर्षी ती आली आणि पोह्यांचं फडकं हातातच धरून उभी राहिली. मिलमध्ये हमाली करणाऱ्या एका विधुराने तिला मागणी घातली होती. त्याला एक लहान मुलगी होती. त्यांच्या समाजात पाट लागतो, त्यात कमीपणा नाही. पण पाट लागायचा तर पहिला नवरा मेलेला पाहिजे, आणि दीर म्हणत होता, माझा भाऊ जिवंत आहे. पंचांनी सांगितलं होतं, पाहणारा माणूस आणा, त्याने सांगितलं तर आम्ही मानू. पाहणारा माणूस एकच होता. ती त्याच्या अंगणात उभी होती.

"भाऊ," ती म्हणाली, "मी बायको आहो का रांडव आहो, हे मले कोनीतरी एक सांगा."

ते चालायचे थांबले. "मी त्याले मेलेला नाई पाह्यला, वयनी," ते म्हणाले, आणि तलावाच्या दिशेने निघून गेले. तिची गाडी जाईपर्यंत परत आले नाहीत.

त्यानंतर घरात जे दिवस गेले ते मला आठवतात. बाज तर हललीच; कोठीतली भांडी अंगणात आली, अंगणातला जातं ठेवायचा दगड ओसरीत आला, माझी खोली बदलली आणि आठवडा व्हायच्या आत पुन्हा बदलली. बाई पहिल्यांदाच त्यांच्यावर संतापल्या. एक शब्द तर बोलायचा आहे, मेला म्हणा, एका बाईचा जन्म मार्गी लागेल, असं त्या म्हणत होत्या. ते दाराच्या चौकटीला धरून उभे होते.

"अन् तो आला त?" ते म्हणाले.

"इतक्या वर्षांत नाई आला."

"वाट लांब आहे तिकडची."

बाई उठून चुलीकडे गेल्या. मग एका संध्याकाळी पाळीवरून फिरताना ते मला म्हणाले की उद्याच्या गाडीने पंचांपुढे जायचं आहे, माझ्यासोबत चला. मी म्हटलं, मी येऊन काय करणार, मला तर तिकडचं काहीच ठाऊक नाही.

"तुमी माह्या बाजूले बसा," ते म्हणाले. "मी उठून जाले लागलो त धोतर धरा. सोडू नोका."

गाडीत ते बसले नाहीत. दारात उभे राहिले आणि प्रत्येक स्टेशनावर उतरून फलाटावर चालले. मला दर वेळी वाटे की ते आता चढणार नाहीत. गाडी हलली की चढत.

पाटलांच्या ओसरीत पंच बसले होते. बायका आतल्या दाराशी. दीर समोरच होता, मोठ्या हाडापेराचा, मान खाली घालून बसलेला. त्या गावची रीत अशी की साक्ष देणाऱ्याच्या ओंजळीत नव्या धानाचे दाणे देतात. ते हातात असेपर्यंत खरंच बोलायचं. पाटलांनी सुपातून धान घेऊन त्यांच्या ओंजळीत घातलं. मी त्यांच्या धोतराचा काठ मुठीत धरला.

ते बोलले ते इतक्या हळू की मागच्यांना पुढे सरकावं लागलं. पावसाळा होता. तुकडी डोंगर चढत होती. जोडीदाराच्या मांडीत गोळी लागलेली होती आणि जखम सडली होती. वर हगवण. हुकूम असा होता की ज्याला चालता येत नाही त्याला ठेवून जायचं. खेचरांवर वायरलेसचं सामान होतं, त्यावर माणूस घेता येत नव्हता. ज्याला ठेवलं त्याच्याशी बोलायचं नाही, आणि निघाल्यावर मागे पाहायचं नाही. कारण एकाने मागे पाहिलं की तो थांबतो, आणि तो थांबला की बाकीचे बसतात, आणि बसलेला पुन्हा उठत नाही. जोडीदाराला बांबूच्या बेटाला टेकवून बसवलं. पाण्याची बाटली दिली, बंदूक दिली.

इथे ते उठू लागले. मी काठ ओढला. ते पुन्हा टेकले.

"त्यानं मले काई नाई म्हटलं," ते म्हणाले. "माह्या खच्चराच्या पोटाले हात लावला अन् म्हटलं, याच्या तंगाचा पट्टा ढिला आहे. मी तंग कसला. अन् निंघालो. मांगं नाई पाह्यलं."

पाटलांनी विचारलं, नंतर गोळीचा आवाज आला का?

"पाऊस होता."

"म्हनजे तू निंघाला तेव्हा जिता होता," दीर पहिल्यांदा बोलला.

"जिता होता."

"मंग झालं." दीर पंचांकडे वळला. "जित्या मानसाच्या बायकोचा पाट लावता का तुमी?"

कोपऱ्यातला एक म्हातारा म्हणाला, "जिता आहे त येत काऊन नाई गा? बर्मात दुसरी केली का त्यानं?" दोघे-तिघे हसले. दीर हसला नाही. "वयनीलेच घाई झाली," तो म्हणाला.

"व्हय, घाईच आहे," दारातून तिचा आवाज आला. "तुमच्या धानाच्या बांधीत रोवना करता करता केस पांढरे झाले, तरी माही घाईच आहे."

ती पुढे आली. पंचांसमोर बाईने असं यायची रीत नव्हती, पण कुणी अडवलं नाही. ती मिलिटरीभाऊंच्या समोर बसली. तिने त्यांना विचारलं, कोणता पाय. उजवा, ते म्हणाले. मांडीपासून खाली काळा पडला होता, अळ्या होत्या. तिने विचारलं, उभं राहता येत होतं का. नाही. मग तिने विचारलं, "तुमच्या मांगून कोनी येनार होतं त्या वाटेनं?"

त्यांनी ओंजळीतलं धान घट्ट दाबलं.

"आमीच शेवटचे होतो, वयनी."

"मंग बाटलीतलं पानी सरल्यावर त्याले कोन देनार होतं?"

ती पंचांकडे वळली. "मंग तो मेला," ती म्हणाली. "भाऊनं मारला नाई. भाऊनं मेलेला पाह्यला बी नाई. पन तो मेला. मले समजते, तुमाले काऊन नाई समजत?"

मला वाटलं, आता दीर उसळेल. तो उठला खरा. भिंतीला टेकवलेली कुऱ्हाड घेतली आणि पाटलांना म्हणाला, "दादासाठी पळस मी तोडून आनतो." तो मोठा भाऊ नव्हता, धाकटा होता. हे मला तेव्हा कळलं.

पाटलांनी मिलिटरीभाऊंच्या ओंजळीतलं धान सुपात काढून घेतलं. त्यांच्या तळहातांवर दाण्यांची टोकं रुतून बारीक लाल खुणा उमटल्या होत्या.

ज्याचं प्रेत मिळत नाही त्याचा पळसाच्या पानांचा पुतळा करतात आणि त्याला अग्नी देतात, हे मी पुस्तकात वाचलं होतं. पाहिलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी पाटलांच्या अंगणात पानांचा ढीग पडला. नारळ डोक्याच्या जागी ठेवला. दोन म्हातारे देठ विणून हातपाय करू लागले. मिलिटरीभाऊ भोवती फिरत होते. मग म्हणाले, "एवढा बुटका नव्हता तो." खाली बसले आणि स्वतः बांधू लागले. पाय लांब केले, खांदे रुंद केले. दोन्ही बाजूंनी भार सारखा यावा तशा गाठी मारल्या. उजव्या मांडीपाशी आल्यावर त्यांचा हात थांबला. दीर शेजारी बसून पानं पुरवत होता. त्याने चांगली हिरवी, मोठी पानं निवडून त्यांच्या हातात दिली. तो पाय त्यांनी सगळ्यात भरदार केला.

तिचा पाट त्या उन्हाळ्यात लागला. हे आताच सांगून टाकतो, म्हणजे वाचणाऱ्याचा जीव टांगणीला राहायला नको. ती मूलमध्ये राहायला आली. परवा मिलिटरीभाऊंच्या दहाव्याला, मुलीला घेऊन, सगळ्यांच्या आधी येऊन बसली होती. त्यांना जाऊन आता थोडेच दिवस झालेत, आणि हे लिहिताना मी दर ओळीला थांबतो आहे. माझ्या डोळ्यांसमोर त्यांचं शेवटचं आजारपण येत नाही, तिरडीही येत नाही. त्या खेड्यातली नाल्याकाठची सकाळ येते.

दिराने अग्नी दिला. पळसाची पानं आधी ओली असल्यासारखी चरचरली, मग एकदम पेटली. पुतळ्याला जळायला वेळ लागत नाही. नारळ फुटला तसे सगळे उठले, नाल्यात हातपाय धुतले आणि गावाकडे तोंड करून चालू लागले. मीही. थोडं पुढे गेल्यावर माझ्या लक्षात आलं की शेजारी पावलं वाजत नाहीत. पाटलांच्याही आलं असावं. ते न वळता, समोर बघतच म्हणाले, "मिलिटरी, चाल गा. मांगं पाहू नोको. मांगं पाह्यलं त मेलेला मानूस आपल्या मांगं येते."

पाठीमागून उत्तर आलं, नेहमीसारखंच हळू.

"येऊ द्या."

आम्ही सगळे वाटेवर जागच्या जागी उभे राहिलो, गावाकडे तोंड करून. वळून त्यांना बोलवायची कुणाची छाती होईना, आणि त्यांना तिथे सोडून पुढे जायला कुणाचं पाऊल उचलेना.